ठकूकाकू आणि आठवणींची पेवं

ही गोष्ट अगदी खरी आहे. गळ्याशपथ सांगतो, यातलं सगळं मी माझ्या या दोन डोळ्यांनी पाहिलेलं आहे. आता ती घडली तेव्हा माझे पणजोबा रांगत होते, ही गोष्ट वेगळी. ज्याला यावर काही विचारायचं असेल त्यानं खुशाल उठून घरी जावं, म्हणजे बाकीच्यांना नीट पाय पसरून बसता येईल.

तर फार फार वर्षांपूर्वी चिंचपेव नावाचं गाव होतं. किती वर्षांपूर्वी, हे त्या गावात प्रत्येक जण वेगळं सांगतो आणि प्रत्येकाचं बरोबर असतं. त्या काळी गावची ज्वारी जमिनीच्या पोटात ठेवायचे. खोल खड्डा खणायचा, तोंडाशी अरुंद आणि पोटात फुगीर, जमिनीत पुरलेल्या रांजणासारखा. आतून शेणामातीनं सारवायचा, कडेनं कडुलिंबाचा पाला लावायचा, दाणे ओतायचे, तोंडावर शिळा ठेवायची आणि वर माती लोटून द्यायची. याला म्हणायचं पेव. अंगणात पेव, गल्लीत पेव, देवळापुढं पेव. पाव्हणा गावात शिरला की त्याला पाणी विचारायच्या आधी कुठं पाय ठेवायचा नाही ते सांगत.

आणि पेव उघडलं म्हणून लगेच कुणी आत उतरत नसे. कोंडलेली हवा वाईट. आधी दोरीला बांधून दिवा सोडायचा. दिवा विझला नाही तर माणूस सोडायचा.

हा सोडायचा माणूस म्हणजे ठकूकाकू. गावातली सगळी पेवं आतून तीच सारवायची. अंगानं इतकी बारीक की पेवाच्या तोंडातून सरळ खाली जायची, आणि आवाज असा की पेवाच्या तळातून बोलली तरी वेशीवरची कुत्री उठून बसायची. तिची आठवण तर भयंकर होती. कोण तिला कधी काय टोचून बोललं, तेव्हा बोलणारीच्या अंगावर कोणतं लुगडं होतं आणि चुलीवर काय शिजत होतं, सगळं तिच्या ध्यानात. नवरा सुभाना साथीत वारला, त्यालाही बरीच वर्षं झाली होती. घरात ती एकटी. भिंतीपलीकडं नणंद राजसा. ही राजसा नवऱ्याशी भांडून माहेरी आली ती आलीच, आणि नवरा घ्यायला आला नाही म्हणून रोज वहिनीशी भांडायची. मधल्या भिंतीला एक कोनाडा आरपार होता. त्यातून भांडण इकडून तिकडं आणि तिकडून इकडं जायचं, आणि भाकरी मोडली की कालवणाची वाटीही जायची.

एका चैत्रात काय झालं, ठकूकाकू पाटलाच्या गल्लीतलं पेव सारवायला उतरली. वर ऊन असं की चप्पल काढली तर पाय परत घालवत नव्हता, आणि आत ओल्या सारवणाचा गारवा. काम झालं, काकूनं पदर डोक्याखाली घेतला आणि जरा पाठ टेकली. तिची दुपारची झोप म्हणजे मोठी झोप. वर जेवून आलेल्या गड्यांनी पाहिलं, सारवण झालंय. शेळी पडू नये म्हणून त्यांनी रीतीप्रमाणं शिळा सरकवली आणि ते निघून गेले. आत कुणी आहे का हे बघायचं असतं, पण त्या दिवशी आतून आवाज नव्हता. आवाज नाही म्हणजे ठकूकाकू नाही, असा त्यांनी साधा हिशेब केला.

असं म्हणतात, की झोपेत काकूच्या पाठीखालची जमीन सरकली आणि पेवाच्या तळाला आणखी एक तोंड निघालं. ती त्यातून खाली गेली.

खाली मोठं माळरान. उन्हं कलल्यासारखा उजेड, पण सूर्य कुठंच नाही. आणि नजर जाईल तिथवर पेवंच पेवं, प्रत्येकावर शिळा. मधोमध घोंगडी पांघरलेला एक म्हातारा गुडघ्यांत मान घालून बसलेला.

"कुणाची गं तू?" म्हातारा म्हणाला.

"तुम्ही कोण ते आधी सांगा."

"तेवढं आठवत नाही बघ. साऱ्या जगाच्या आठवणी मी सांभाळतो. माझ्या कुठं ठेवल्यात त्या काही सापडत नाहीत."

मग त्यानं सांगितलं ते असं. माणूस जे जे बघतो, ऐकतो, सोसतो, ते झोपेत दाणा दाणा होऊन इथं येतं आणि ज्याच्या त्याच्या पेवात पडतं. माणसाला वाटतं आपण विसरलो. विसरत कुणी नाही. जुना दाणा नव्याखाली जातो एवढंच.

ठकूकाकूनं शेजारच्या पेवात डोकावलं आणि तिचा पारा चढला. "हे सारवण कुणी केलंय? सगळे पोपडे सुटलेत! दाण्याला सोंडे लागलेत! पाला कुठाय?"

"इथं कडुलिंब नाही," म्हातारा ओशाळला. "कडू आठवण असली तर ती पाल्याचं काम करते. तिच्या आजूबाजूच्या गोड दाण्यांना कीड लागत नाही. पण लोक कडू दाणे घट्ट धरून बसतात, मला कुणी देत नाही. इथला नेम असा आहे, कुणाच्याही पेवातला दाणा वर न्यावा, पण तेवढ्याच वजनाचा आपल्या पदरचा मागं ठेवावा. दिलेला दाणा मात्र आपला राहत नाही."

"कडूच पाहिजेत का?" ठकूकाकूनं पदर खोचला. "मग तुम्ही बरोबर माणूस पकडलाय."

इकडं वर राजसानं कोनाड्यातून दुपारचा टोमणा टाकला. उत्तर आलं नाही. तिनं दुसरा टाकला, चांगला घोळून. तरी नाही. तेव्हा राजसा केस मोकळे सोडून गावभर ओरडत सुटली. शिळा काढली. दिवा सोडला. दिवा विझला तर नाहीच, उलट वर आला तेव्हा त्यात तेल जास्त होतं, असं म्हणतात. मागोमाग ठकूकाकू वर आली आणि डोळे चोळत म्हणाली, "वन्सं, तुमची नथ लोणच्याच्या बरणीत आहे."

बघितलं तर होती.

झालं, गाव लोटलं. कुणाला पुरलेला हंडा सापडत नव्हता, कुणाला पोराच्या बारशाला कोण जेवून गेलं ते आठवत नव्हतं. ठकूकाकू म्हणायची, "जरा डोळा लागू दे," आणि दुपारी त्या पेवात जाऊन झोपायची. संध्याकाळी हंडा सापडायचा. मोबदल्यात ती आपल्या पेवातला एकेक अपमान उचलून म्हाताऱ्याला द्यायची. सासूनं तिच्या माहेरच्या आहेराला नावं ठेवली होती, ते दिलं. जावेनं तिला हळदीकुंकवाला बोलवायचं टाळलं होतं, तेही दिलं. जसजसे कडू दाणे गेले तसतशी बाई गोड होत गेली. वाटेत कुणी भेटलं की हसायची. गावाला पहिल्यांदा वाटलं, आजारी आहे.

सगळ्यांत हाल झाले राजसाचे. तिनं कोनाड्यात तोंड घालून आठवण करून दिली, "वहिनी, तुझ्या पुरणपोळीला मी चपलेचं कातडं म्हटलं होतं. आठवतं का?"

"म्हटलं असेल, वन्सं. मग खाल्ली नाहीत का?"

"खाल्ल्या की चार."

"मग आज पण करते," म्हणून ठकूकाकूनं डाळ शिजायला घातली. राजसा त्या दिवशी भिंतीकडं तोंड करून रडली. भांडायला कुणी उरलं नाही, याच्यासारखं दुःख नाही.

पुढं एकदा कौसा आली. कोवळ्या वयाची बाळंतीण. तिची आई ती लहान असताना गेलेली. पोर मांडीवर घेऊन ती म्हणाली, "काकू, ही म्हणे आईसारखी दिसते. मला आईचं तोंडच आठवत नाही." ठकूकाकू झोपली. पण आईचं तोंड वजनाला जड. सासवाजावांचे उरलेसुरले दाणे घातले तरी पारडं हलेना. मग तिनं आपल्या पेवाच्या अगदी तळाशी हात घातला आणि सुभाना वारला तो दिवस उचलून देऊन टाकला. द्यायचाच होता तिला तो. केव्हापासून.

कौसाला आई दिसली. आणि ठकूकाकू पेवातून वर आली, इकडं तिकडं बघितलं आणि विचारलं, "वन्सं, हे कुठं गेलेत?"

राजसाच्या तोंडून कसं निघालं कोण जाणे, पण निघालं, "बाजाराला."

दुसऱ्या दिवशी ठकूकाकू कपाळाला कुंकू लावून पाण्याला आली. पाणवठ्यावरच्या बायांनी पाहिलं, एकमेकींकडं पाहिलं, आणि एकीनं नुसतं म्हटलं, "काकू, घागर उचलू लागू का?" तेव्हापासून सारं गाव त्या खोट्यात सामील झालं. बाजारातून येणाऱ्या प्रत्येकाला काकू विचारायची, "हे दिसले का?" आणि लोक सांगायचे, "दिसले की! बैलाचे दात बघत होते." "आज खालच्या बाजाराला गेलेत काकू, तिकडं मिरची स्वस्त आहे." रोज दुपारी ती नवऱ्याचं ताट वाढून झाकून ठेवायची आणि झोपायला जायची. उठून बघायची तर ताट रिकामं. "आले, जेवले आणि गेले," ती खुशीत म्हणायची. "जरा थांबायचं म्हणून नाही या माणसाला."

सुख म्हणजे असं, की गावाला हेवा वाटावा. आणि तेवढ्यात पाटलानं घोटाळा केला.

पेंढारी येणार अशी आवई उठली होती. दौलतजी पाटलानं गावचं सगळं बियाणं एका नव्या पेवात लपवलं. कुणाला पत्ता लागू नये म्हणून परगावचे गडी आणले, डोळे बांधून आणले आणि डोळे बांधूनच परत सोडले. त्यातला एक जण घरी न पोचता सासऱ्याच्या घरी पोचला आणि तिथंच राहिला, पण ती वेगळी गोष्ट. पाटलानं वरची माती अशी सारखी केली, त्यावर असं गवत लावलं, की ब्रह्मदेवाला कळू नये. पेंढारी काही आले नाहीत. पाऊस झाला, वाफसा आला, पेरणी तोंडावर आली, तेव्हा लोक म्हणाले, "पाटील, पेव दाखवा." आणि पाटलानं मिशीला पीळ दिला, कारण त्याला आठवेना.

आठवत नाही म्हणायचं तर पाटीलकी कसली? लिंबाखाली बाजेवर बसून तो बोट दाखवायचा, "तिकडं खणा." खणलं, काही नाही. "मग अर्थातच तिकडं." खणलं. देवळापुढं खणलं, चावडीमागं खणलं, पाटलिणीची तुळस खणली. गावाला देवी आल्यासारखे खड्डे पडले. खायची ज्वारी संपत आलेली, बियाणं गायब. पेरणी हुकली तर गाव उठणार, बैल विकून जिकडं तिकडं पांगणार, हे पोरांनाही कळत होतं. शेवटी पाटील खाली मान घालून ठकूकाकूच्या दारात आला. "काकू, जरा डोळा लागू द्या."

काकूनं डोळा लागू दिला. पाटलाचं पेव म्हाताऱ्यानं उघडून दिलं. वरचा निम्मा भाग लोकांनी केलेल्या स्तुतीनं भरलेला, तो उपसता उपसता तिचे हात भरून आले. खाली ती आठवण सापडली, जात्याच्या पाळूएवढी जड.

"द्या वजन," म्हातारा म्हणाला.

ठकूकाकूनं आपलं पेव उघडलं. आत एकही कडू दाणा उरला नव्हता. होते ते सगळे टपोरे, गोड. लग्न होऊन येताना गाडीचं चाक खड्ड्यात गेलं आणि ती न् सुभाना कडब्यासकट रस्त्यावर पडले, आणि वऱ्हाड धावत आलं तर दोघं हसतायत. तो तिला चोरून गूळ आणून द्यायचा. तो गाणं म्हणायचा तेव्हा बैल कान मिटायचे. म्हाताऱ्यानं हात पुढं केला, "हे चालतील की. भारी दाणे आहेत."

तिनं पदर घट्ट आवळला. "हे दाणे दिले तर हे बाजारातून येतील तेव्हा मी ओळखायचं कसं त्यांना?"

"मग कडू आण."

ठकूकाकू वर आली आणि लिंबाच्या पाराशी जमलेल्या गावाला म्हणाली, "मला दुखवा. चांगलं लागेल असं काहीतरी बोला. त्याशिवाय पेव मिळत नाही."

असा प्रसंग कुठल्या गावावर आला नसेल. पाटील पुढं झाला, घसा साफ केला. "ठकूकाकू, तुमचं सारवण म्हणजे... म्हशीनं अंग घासलेली भिंत!"

काकू खो खो हसली. "म्हशीला एवढं जमत असेल तर मला तरी आराम मिळेल, पाटील."

कौसाला ढकललं. ती म्हणाली, "काकू, तुमची भाकरी कडेनं... जरा... पण फार छान असते हो," आणि रडायला लागली. एकानं काकूच्या चालण्याची नक्कल केली, तर काकूनंच उठून त्याला नीट चालून दाखवलं. मग वरच्या वाडीवरून एक बाई मुद्दाम गाडी जुंपून आणली. शिव्यांत तिचं मोठं नाव, तिच्या तोंडाला भिऊन गारपीट वळून गेली होती म्हणे. ती आली तशी काकूनं तिला गूळपाणी दिलं, पाय चेपून दिले, आणि जाताना ती बाई काकूला लेकीसारखं उदंड आयुष्य मागून गेली.

तरी जे काय जमलं ते पदरात घेऊन काकू झोपली. म्हाताऱ्यानं ते सुपात घेतलं आणि पाखडलं. फुर्रकन सगळं उडून गेलं. "फोलपटं आहेत," तो म्हणाला. "यात दाणा नाही. हसतेस तू यांना."

काकू रिकाम्या हातानं वर आली. आता सगळ्यांनी माना वळवल्या त्या राजसाकडं. ती पारापासून लांब, एका खड्ड्याच्या काठावर बसली होती.

"राजसाबाई, तुमचा तर हातखंडा," पाटील म्हणाला. "बोला की."

"मला न्हाय जमायचं."

"अहो, इतकी वर्षं तर जमत होतं!"

"तेव्हा ती ऐकून घेत नव्हती," राजसा म्हणाली. "आता ऐकून घेते."

कौसाची पोर रिकामं सूप चाटत होती. राजसानं तिच्याकडं बघितलं, बराच वेळ बघितलं, मग उठली, वहिनीजवळ येऊन बसली आणि तिच्या कानाशी वाकली.

"वहिनी," ती म्हणाली, "दादा बाजाराला नाही गेला. दादा गेला. त्या साथीत, तुझ्या मांडीवर. तू त्याला पाणी पाजत होतीस आणि त्याला गिळवत नव्हतं."

ठकूकाकू हसायला गेली, पण हसू आलं नाही. "मग ताट रोज कोण जेवतं, वन्सं?"

"मी जेवते. तू झोपलीस की येऊन जेवते."

ठकूकाकू रडली ती अशी, की गावातल्या सगळ्या रांजणांतलं पाणी खारट झालं, असं म्हणतात. नणंदेच्या मांडीवर डोकं ठेवून ती रडली, आणि रडता रडता, जशी पोरं झोपतात तशी, पेवात न उतरता तिथंच तिला झोप लागली.

म्हाताऱ्यानं या खेपेला पाखडलं नाही. सूप त्याला हातात धरवेना.

उन्हं उतरायच्या आत काकूनं डोळे उघडले, तोंडावरून पदर फिरवला आणि आवाज असा काढला की वेशीवरची कुत्री उठून बसली. "पाटील, उठा बाजेवरून!"

पेव पाटलाच्या बाजेखालीच होतं. राखण करायची म्हणून त्यानं त्यावर बाज टाकली, आणि बसून बसून कशासाठी बसलोय हेच विसरला. शिळा काढली, दिवा सोडला, दिवा पिवळाधमक जळला आणि खाली बियाण्याची ज्वारी लखलखली. लोकांनी आरोळी ठोकली. पाटील म्हणाला, "मी केव्हापासून इथंच बसून खूण करत होतो, कुणाच्या लक्षात येईल तर शप्पथ."

त्या गोंधळात ठकूकाकूनं राजसाकडं निरखून बघितलं. "वन्सं, डोळे का लाल झालेत तुमचे?"

"धूर गेला."

"आणि हे आले का हो?"

"निघालेत," राजसा म्हणाली. "तू ताट वाढून ठेव."

पुढं ठकूकाकू पुष्कळ म्हातारी झाली. एका चैत्रात ती नेहमीसारखी पेव सारवायला उतरली आणि वर आलीच नाही. दिवा सोडला, दिवा जळत होता. आत कुणी नव्हतं. सारवणावर तिची बोटं तेवढी उमटलेली, आणि ते सारवण अजून ओलं आहे, असं म्हणतात. म्हाताऱ्याच्या पेवांचे पोपडे तिच्यानं बघवले नसणार.

चिंचपेवात आता ज्वारी कुणी पेवात ठेवत नाही, पण ते एक पेव राखलेलं आहे. दर वर्षी पेरणीच्या आधी सारं गाव तिथं जमतं. आधी दिवा सोडतात. मग एकेक जण तोंडाशी वाकून ठकूकाकूला नावं ठेवतो. सारवणाला ठेवा, भाकरीला ठेवा, चालीला ठेवा. तिला तिकडं द्यायला काहीतरी नको का? ज्याचं ऐकून लोक जास्त हसतील त्याचं पीक चांगलं येतं. पोरीबाळी वर्षभर टोमणे साठवतात. सगळं झालं की एक ताट वाढून झाकतात आणि सारं गाव पाठ करून उभं राहतं. मग गावातली सगळ्यांत थोरली नणंद येते आणि ते ताट चोरून जेवते. घाई करायची नाही तिला. कितीही वेळ लागला तरी कुणी मागं वळून बघत नाही.

आता यात खोटं किती ते सांगून टाकतो, नाहीतर तुम्ही उगाच म्हाताऱ्यावर संशय घेत बसाल. म्हातारा खरा आहे. पेवं खरी आहेत. दिव्यातलं तेल वाढलं तेही खरं. ताटाचं खरं, राजसाचं अंग कशानं सुटतंय हे गावानं केव्हाच ओळखलं होतं. मी बनवलं ते एवढंच, राजसा कानाशी वाकून जे बोलली ते. पारावर सगळे होते, पण कुणाला काही ऐकू आलं नाही. एक वाकली आणि दुसरी रडली, एवढंच दिसलं. ठकूकाकूनं ते तिकडं देऊन टाकलं, आणि राजसानं मरेपर्यंत कुणाला सांगितलं नाही. मी त्या जागी पुष्कळ काय काय घालून पाहिलं. एवढं जड दुसरं काही सापडलं नाही.